२००९ : चाकण आणि पिंपरी-चिंचवडचे वर्ष
जागतिक मंदीच्या सावटात उजाडलेले २००९ हे साल पिंपरी-चिंचवड आणि चाकण परिसरासाठी मात्र नव्या घडामोडींचे ठरले. ३१ मार्चला फोक्सवॅगनच्या चाकण कारखान्याचे उद्‌घाटन झाले. सुमारे ५८ कोटी युरो गुंतवणुकीच्या आणि वर्षाला १ लाख १० हजार गाड्यांची क्षमता असलेल्या या प्रकल्पात पत्रा दाबण्यापासून सांगाडा जोडणे, रंगकाम आणि अंतिम जुळणीपर्यंतची कामे एकाच आवारात होऊ लागली. मे महिन्यात तेथे स्कोडा फाबियाचे आणि डिसेंबरात पोलोचे उत्पादन सुरू झाले. १९९५पासून पिंपरीत टाटांच्या आवारात तयार होणाऱ्या मर्सिडीज-बेंझनेही याच वर्षी चाकणला स्वतःचा कारखाना थाटला. मतदारसंघांच्या फेररचनेनंतर झालेल्या पहिल्या लोकसभा निवडणुकीत नव्या मावळमधून गजानन बाबर, तर शिरूरमधून शिवाजीराव आढळराव पाटील निवडून आले, दोघेही शिवसेनेचे. ३ ऑगस्टला पुण्यात स्वाइन फ्लूचा देशातील पहिला बळी गेला. शाळा, चित्रपटगृहे काही दिवस बंद राहिली, मास्क मिळेनासे झाल्यावर दुचाकीस्वारांनी तोंडाला रुमाल बांधले. ऑक्टोबरमधील विधानसभा निवडणुकीत पूर्वीच्या हवेली मतदारसंघाच्या जागी पिंपरी, चिंचवड आणि भोसरी या नावांनी प्रथमच मतदान झाले. पिंपरीत राष्ट्रवादीचे अण्णा बनसोडे, तर चिंचवडमध्ये लक्ष्मण जगताप आणि भोसरीत विलास लांडे हे दोन अपक्ष विजयी झाले. उद्योगनगरीला विधानसभेत स्वतःच्या नावाचे तीन आमदार मिळाले, ते याच वर्षी.