निलंबनाचे समाधान नको, आरोपपत्राची तारीख विचारा

सरकारी माणूस लाच घेताना सापडला की दुसऱ्या दिवशी "निलंबित" अशी बातमी येते आणि बाजारात समाधान पसरते. काही महिन्यांनी तोच साहेब दुसऱ्या टेबलावर दिसला की आपले व्यापारी बांधव म्हणतात, "कोर्टाने सोडला!" हा समज पुष्कळदा चुकीचा असतो.

१८ ऑगस्ट २०२१ रोजी लाचलुचपत प्रतिबंधक विभागाने पिंपरी-चिंचवड महापालिकेच्या मुख्यालयात छापा घातला. जाहिरात फलकांच्या कामासंबंधी लाच मागितल्याच्या तक्रारीवरून स्थायी समितीचे तत्कालीन अध्यक्ष आणि चार कर्मचारी यांना अटक झाली. शहरभर चर्चा झाली. पण अशा प्रकरणात खरा प्रश्न अटकेनंतर सुरू होतो.

मुळात निलंबन ही शिक्षा नव्हे. पुराव्याला हात लागू नये म्हणून माणसाला खुर्चीवरून बाजूला करणे, एवढाच त्याचा अर्थ. राज्य सरकारी कर्मचारी ४८ तासांपेक्षा जास्त कोठडीत राहिला, तर १९७९ च्या शिस्त व अपील नियमांप्रमाणे तो निलंबित मानला जातो. या काळात त्याला साधारण अर्ध्या पगाराइतका निर्वाह भत्ता मिळतो. विलंबात त्याचा दोष नसेल, तर तीन महिन्यांनंतर हा भत्ता वाढवताही येतो. काम शून्य आणि पैसा करदात्याच्या खिशातून.

आता कोर्टाचे म्हणणे पाहू. अजयकुमार चौधरी प्रकरणात सुप्रीम कोर्टाने १६ फेब्रुवारी २०१५ रोजी सांगितले की तीन महिन्यांत आरोपपत्र दिले नाही, तर निलंबन पुढे चालू ठेवता येणार नाही. आरोपपत्र दिले असेल, तर मुदतवाढीची कारणे लेखी द्यावी लागतील. गंमत अशी, की खुद्द चौधरींना याचा फायदा मिळाला नाही, कारण तोपर्यंत त्यांना आरोपपत्र मिळालेले होते! शिवाय पुराव्यापासून दूर राहील अशा जागी बदली करण्याची मुभाही कोर्टाने सरकारला ठेवली. यात लाचखोराला सूट कुठे आहे? सुस्त खात्याला मात्र चपराक आहे.

या निकालानंतर महाराष्ट्र सरकारने ९ जुलै २०१९ रोजी शासन निर्णय काढला. ९० दिवसांत आरोपपत्र दिले नाही, तर निलंबन मागे घेण्याशिवाय पर्याय नाही, असे त्यात कबूल केले आणि मुदत पाळण्याची जबाबदारी खात्यांवर टाकली. म्हणजे ९१ व्या दिवशी साहेब परत आला, तर दरवाजा बहुधा खात्यानेच उघडा ठेवलेला असतो. हे दरवेळी आळसानेच होते की सोयीने, हे ज्याचे त्याने ठरवावे.

दुसरी बाजूही इन्साफाने पाहिली पाहिजे. खोट्या तक्रारीत अडकलेला कारकूनही असतो. वर्षानुवर्षे अर्धा पगार आणि शेजाऱ्यांच्या नजरा, ही निकालाआधीची शिक्षाच झाली. मुदत त्यालाही हवी आणि आपल्यालाही. आपल्या कापड बाजारात ज्या उधारीला तारीख नाही ती बुडीत धरतात. चौकशीचेही तसेच आहे.

खटला भरण्याच्या मंजुरीचीही हीच कथा. २०१८ च्या दुरुस्तीने त्यासाठी तीन महिने, कायदेशीर सल्ला लागल्यास आणखी एक महिना, अशी मुदत घातली. ही मुदत बंधनकारक आहे, असे सुप्रीम कोर्टाने २०२२ मध्ये स्पष्ट केले.

तेव्हा पिंपरी, भोसरी, चाकणच्या व्यापारी आणि लघुउद्योजक संघटनांनी एक काम करावे. माहिती अधिकारात प्रत्येक कार्यालयाला तीनच गोष्टी विचाराव्यात: निलंबन कधी, आरोपपत्र कधी, खटल्याची मंजुरी कधी. नावे नकोत, फक्त तारखा. आणि कोणी लाच मागितली, तर १०६४ हा क्रमांक आहेच. पण फिर्याद देऊन घरी बसू नये. तगादा लावल्याशिवाय आपली उधारी वसूल होत नाही, मग इन्साफ तरी कसा होईल?