पावले ठेवली, नाव पुसले

युक्रेनवरील आक्रमणानंतरही मॉस्कोच्या बोल्शॉय थिएटरने अलेक्सी रातमान्स्की यांची जुनी नृत्ये रंगमंचावर आणली. जाहिरातींतून मात्र त्यांचे नाव काढून टाकण्यात आले. एखाद्या कलावंतावर बहिष्कार घालायचा आणि त्याची कला स्वतःकडे ठेवायची, असा हा दुहेरी व्यवहार आहे. तो शक्य का होतो, हे बॅलेच्या स्वरूपातच दडलेले आहे.

कादंबरीची छापील प्रत असते, चित्रपटाची रिळे असतात. नृत्यरचना मात्र नर्तकांच्या शरीरात साठवलेली असते आणि एका पिढीकडून दुसरीकडे हातोहात जाते. एकदा शिकवलेले परत मागता येत नाही. रचनाकाराच्या हाती उरतो तो करार आणि करार मोडल्यास न्यायालय. युद्धाच्या काळात या दोहोंची किंमत किती, हे सांगायला नको.

लेनिनग्राडमध्ये १९६८ साली जन्मलेले रातमान्स्की वाढले कीव्हमध्ये, नृत्य शिकले मॉस्कोत. कीव्ह, कॅनडातील विनिपेग व कोपनहेगन येथे नर्तक म्हणून काम केल्यावर २००४ ते २००८ या काळात ते बोल्शॉय बॅलेचे कलासंचालक होते. पुढे अमेरिकन बॅले थिएटर आणि २०२३ पासून न्यूयॉर्क सिटी बॅले. २४ फेब्रुवारी २०२२ रोजी ते मॉस्कोतच होते. बाखच्या संगीतावरील नव्या रचनेच्या तालमी सुरू होत्या, प्रथम प्रयोग महिनाभरावर आला होता. हल्ल्याची बातमी कळताच त्यांनी शहर सोडले.

अर्थात, २०१४ मध्ये रशियाने क्रायमिया घेतल्यानंतरही ते बोल्शॉयसाठी काम करीत राहिले होते, हे नजरेआड करता येत नाही. शिवाय ज्या परंपरेवर त्यांची कीर्ती उभी आहे, ती पीटर्सबर्गचीच. पण ती परंपरा तरी निव्वळ रशियन कुठे होती? तिचा शिल्पकार मारिउस पेतिपा हा मार्सेयमध्ये जन्मलेला, १८४७ मध्ये आलेला फ्रेंच. त्याच्या नृत्यांच्या सांकेतिक लिपीतील नोंदी क्रांतीनंतर निकोलाय सेर्गेयेव्ह यांनी देशाबाहेर नेल्या. आज त्या अमेरिकेत हार्वर्ड विद्यापीठात आहेत. रातमान्स्की व त्यांच्या पत्नी तातियाना यांनी ती लिपी आत्मसात केली आणि २०१५ मध्ये ‘स्लीपिंग ब्यूटी’ मूळ बरहुकूम उभी केली. म्हणजे रशियाचा वारसा एका निर्वासिताने जपला आणि दुसऱ्या परागंदा कलावंताने वाचला.

निर्वासित युक्रेनियन नर्तकांनी नेदरलँड्समधील हेग येथे उभारलेल्या संचासाठी २०२२ मध्ये त्यांनी ‘जिझेल’ बसवले व ते लंडनमध्ये सादर झाले. ते एकाच वेळी शिक्षण होते आणि राजकीय विधानही. न्यूयॉर्कमध्ये फेब्रुवारी २०२४ मध्ये आलेल्या ‘सॉलिट्यूड’ या रचनेत तर नाव पुसण्याचा किंवा पावलांच्या मालकीचा प्रश्नच मागे पडतो. खारकीव्हमधील एका बसथांब्याजवळ जुलै २०२२ मध्ये मारल्या गेलेल्या तेरा वर्षांच्या मुलाशेजारी गुडघे टेकून बसलेल्या बापाच्या छायाचित्रावरून ती सुचली. संगीत माहलरचे आहे. पडदा उघडतो तेव्हा बाप मुलाचा हात धरून बसलेला असतो, आणि पहिली काही मिनिटे तो नर्तक हलतच नाही.