‘होबो’ला मराठीत काय म्हणावे?

अमेरिकी साहित्य शिकवताना ‘होबो’ या शब्दाशी गाठ पडते आणि आपण ‘भटक्या’ म्हणून मोकळे होतो. मात्र रुळांवरच्या त्या जगात तीन शब्द कटाक्षाने वेगळे होते. कामासाठी फिरतो तो होबो. काम न करता फिरतो तो ट्रॅम्प. आणि फिरतही नाही, कामही करत नाही तो बम. या विभागणीमागे श्रमाचा स्वाभिमान आहे. आपल्या प्रतिशब्दातून नेमका तोच गळून पडतो.

१८६५ मध्ये अमेरिकेतील यादवी युद्ध संपले, १८७३ मध्ये मंदी आली आणि कामाच्या शोधात माणसे मालगाड्यांवर चढू लागली. गव्हाची कापणी, लाकूडतोड, लोहमार्गांची बांधणी ही सारी हंगामी कामे. हवे तेव्हा येणारा आणि काम संपताच निघून जाणारा मजूर ही त्या अर्थव्यवस्थेची गरज होती. त्याच मजुराला कायद्याने मात्र गुन्हेगार ठरवले. १८९४ मध्ये जॅक लंडनला केवळ भटकेपणाच्या आरोपावरून ३० दिवसांचा तुरुंगवास घडला. १९०५ मध्ये शिकागोत स्थापन झालेल्या ‘इंडस्ट्रियल वर्कर्स ऑफ द वर्ल्ड’ या संघटनेने या माणसांना ओळखले ते कामगार म्हणूनच.

साहित्यात मात्र होबो प्रामुख्याने मुक्तीचे प्रतीक म्हणून उरला. लंडनच्या ‘द रोड’मधला (१९०७) थरार खोटा नाही, पण ती मुक्ती कोणाची, हा प्रश्न विचारायलाच हवा. चालत्या गाडीवर चढताना पाय गमावलेल्या डब्ल्यू. एच. डेव्हिस या कवीला तिची किंमत ठाऊक होती. १९३१ मध्ये अलाबामात मालगाडीतून जाणाऱ्या नऊ कृष्णवर्णीय मुलांवर बलात्काराचा खोटा आरोप आला आणि त्यांतील आठ जणांना मृत्युदंड सुनावला गेला. ती शिक्षा पुढे अमलात आली नाही, तरी त्यांच्या आयुष्याची कित्येक वर्षे तुरुंगात गेली. मालगाडी तीच, गोऱ्या लेखकाला तिने साहसकथा दिली, या मुलांना कोठडी.

म्हणूनच ‘द रोड’ शिकवताना शेजारी नेल्स अँडरसनचे ‘द होबो’ (१९२३) हे समाजशास्त्रीय पुस्तक ठेवावे, असे आम्हांस वाटते. अँडरसन स्वतः ते आयुष्य जगलेला होता, आणि त्याच्या पुस्तकात रोजगार, निवारा, आजारपण यांची नोंद आहे. ‘भटक्या’ऐवजी ‘फिरता मजूर’ हा प्रतिशब्द कमी काव्यात्म आहे खरा. पण त्यात माणसाचे काम शाबूत राहते.