मागचा पगार पहिल्या अर्जातच मागा

रोजंदारीवरचा माणूस कामावरून कमी होतो, कामगार न्यायालयात जातो आणि कित्येक वर्षांनी जिंकतो. निकालात लिहिलेले असते, ‘कामावर परत घ्यावे’, आणि त्याला लागूनच, ‘मागील पगाराविना’. सांगली, मिरज, कुपवाडमध्ये कामगारांचे दावे चालवणारे वकील, संघटनांचे कार्यकर्ते आणि आस्थापना विभागात बसणारे आमचे वाचक या शब्दांना चांगले ओळखतात. आमचे मत स्पष्ट आहे: हा पगार बरेचदा आपल्याच कच्च्या अर्जामुळे बुडतो.

कार्यालयाची कैफियत ठरलेली असते. जाहिरात नव्हती, मंजूर पद नव्हते, नेमणूकच नियमबाह्य, मग पगार कसला? जोडीला 10 एप्रिल 2006 चा उमादेवी निकाल. सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने त्यात मागच्या दाराने कायम होण्याचा हक्क नाकारला, हे खरे. पण अनियमित नेमणूक वेगळी आणि बेकायदा नेमणूक वेगळी, हेही त्याच निकालात आहे. पुढे 2009 मध्ये एसटी महामंडळ विरुद्ध कास्ट्राईब संघटना या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, महाराष्ट्राच्या 1971 च्या अनुचित कामगार प्रथा कायद्याने औद्योगिक न्यायालयाला दिलेले अधिकार उमादेवीमुळे आटलेले नाहीत. तो वाद एसटीच्या गाड्या धुणाऱ्यांचा होता. नेमणुकीचा कागद कार्यालयाने नीट केला नाही, तर त्याची भरपाई झाडूवाल्याच्या पगारातून करणे सरळ अन्याय आहे.

मागच्या पगाराचा खरा आधार मात्र 2013 चा दीपाली सुरवसे निकाल. महाराष्ट्रातल्याच एका प्राथमिक शाळेतील शिक्षिकेचा तो खटला. शाळा न्यायाधिकरणाने दिलेला पूर्ण पगार उच्च न्यायालयाने काढून घेतला होता, सर्वोच्च न्यायालयाने तो परत दिला. त्यातली एक गोष्ट आपण नीट वाचत नाही. कामगाराने एवढेच म्हणायचे आहे की, या काळात मला नोकरी नव्हती किंवा पूर्वीपेक्षा कमी पगाराचे काम होते. असे म्हटले की पुरावा देण्याची पाळी मालकाची.

‘किंवा’च्या पुढचा भाग फार मोलाचा आहे. पालिकेने कमी केलेला माणूस वर्षानुवर्षे घरी बसून राहू शकत नाही. तो कुपवाड एमआयडीसीत कंत्राटदाराकडे उभा राहतो, सांगलीच्या हळद बाजारात पोती उचलतो, तासगावकडे द्राक्षाच्या छाटणीला जातो. आणि प्रतिज्ञापत्रात आपण त्याच्याकडून लिहून घेतो, ‘मी आजतागायत बेकार आहे.’ उलटतपासणीत वकील भविष्यनिर्वाह निधीचा एक उतारा दाखवतो आणि खरे बोलणारा माणूस खोटा ठरतो. त्यापेक्षा खरे ते लिहा: कोणत्या साली, कुणाकडे, किती मजुरीने, महिन्यातून किती दिवस. पोटापुरती मिळालेली मजुरी वजा होईल, होऊ द्या. बाकीची रक्कम तरी वाचेल.

विरोधी बाजूही मांडली पाहिजे. बीएसएनएल विरुद्ध भुरुमल (2014) या निकालानंतर, रोजंदारी कामगाराला केवळ नोटीस आणि छाटणीची भरपाई न देता काढले असेल, तर पुनर्स्थापनेऐवजी एकरकमी भरपाई देण्याकडे न्यायालये झुकतात. पण कनिष्ठाला ठेवून ज्येष्ठाला काढले किंवा अनुचित प्रथा सिद्ध झाली, तर कामावर परत घेण्याचा रस्ता त्याच निकालाने मोकळा ठेवला आहे. म्हणून आपल्या अशिलानंतर लागलेले कोण कोण आज कामावर आहेत, ती यादी पहिल्या दिवशी मागा. गाझियाबाद महापालिकेच्या माळ्यांना 2005 मध्ये काढले होते. 31 जानेवारी 2025 रोजी सर्वोच्च न्यायालयाने त्यांना 50 टक्के मागील पगारासह परत घ्यायला लावले.

कुपवाडच्या जुन्या प्रकरणांत आणखी एक अडचण येते. सांगली, मिरज आणि कुपवाड मिळून महापालिका झाली 9 फेब्रुवारी 1998 ला. त्याआधीची सेवा दाखवायची तर त्या काळातले मस्टर लागते, आणि ‘मस्टर सापडत नाही’ हे उत्तर फार स्वस्त आहे. हस्तांतराच्या याद्या, मजुरीची व्हाउचर, लेखापरीक्षणाचे आक्षेप हजर करण्याचा अर्ज लगेच द्या. 240 दिवस मोजताना मधला एखादा कोरा दिवस दिसला, तर तो खाडा की मुद्दाम पाडलेला खंड, हे कामगाराला विचारून लिहा. आस्थापना विभागातल्या वाचकांना विनंती आहे: कागद असेल तर तो दडवू नका. दावा लांबला की थकबाकीही वाढते, आणि ती शेवटी करदात्यांच्याच पैशातून जाते.

18 ऑगस्ट 2025 पासून उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच कोल्हापुरात बसते आहे. सांगली आणि साताऱ्याच्या कामगाराची मुंबईची फेरी त्यामुळे वाचली. जुन्या औद्योगिक विवाद कायद्याखाली पुनर्स्थापनेचा निवाडा झाला असेल आणि कार्यालयाने त्यावर रिट केली असेल, तर कलम 17-ब चा अर्ज प्रतिज्ञापत्रासह पहिल्याच तारखेला हातात ठेवा. रिट चालू असेपर्यंत शेवटचा पगार दरमहा मिळण्याची तरतूद त्यात आहे. हा अर्ज दोन वर्षांनी सुचला, तर तोवर घरात काय शिजले असेल याचा विचार आपण वकिलांनी करायला हवा.