उतारवयातील सालगडी व त्याचा विसावा

आपल्या जळकोट भागात सालगड्याचे साल पाडव्यास ठरते. धान्य, रोकड व उचल यांची बोलणी होतात. परंतु गड्याचे वय काय आणि त्यास विसावा किती, हा प्रश्न त्या बैठकीत क्वचितच निघतो. बैल घेताना आपण त्याचे दात पाहतो, पोळ्याच्या आदल्या दिवशी त्याचे खांदे मळतो व पोळ्यास त्याच्या मानेवर जू ठेवीत नाही. गड्याच्या खांद्यांचा मात्र आपणांस विसर पडतो. हा विषय केवळ दयाधर्माचा नसून शेतीच्या हिशेबाचा आहे, असे माझे नम्र मत आहे.

तिशीनंतर मनुष्याचे स्नायू हळूहळू झिजू लागतात व साठीपुढे ती झीज वाढते. झोप उथळ होते, तहानेची जाणीव मंदावते व अंगातील उष्णता घामावाटे बाहेर टाकण्याची शक्ती घटते. तरुणाचा जो शीण एका रात्रीत उतरतो, तो वृद्धाच्या अंगात दोन-दोन दिवस राहतो. सबब त्यास कामचुकार म्हणणे अन्यायाचे होय.

नारायण मेघाजी लोखंडे यांच्या खटपटीने मुंबईच्या गिरणी कामगारांस १० जून १८९० रोजी रविवारची सुटी मिळाली. पुढे १९४८ च्या कारखाने कायद्याने आठवड्यास ४८ तासांची मर्यादा घातली. मजसारख्या महसुली कारकुनास सरकारने ५८ व्या वर्षी सेवानिवृत्त केले. सावलीत बसून लेखणी चालविणाऱ्यास ही मर्यादा, तर उन्हात कुळव हाकणाऱ्यास कोणती?

कोणी म्हणतील, "पुरे साल देऊन कमी काम का घ्यावे?" शंका रास्त आहे. तथापि पाणी कोठे मुरते, वाफसा केव्हा येतो, कोणता बैल बुजतो, हे जुना गडीच जाणतो. ही जाण विकत मिळत नाही. उलट थकलेला हात मळणीयंत्रात किंवा कडबाकुट्टीत सापडला, तर गड्याचा जन्म वाया जातो आणि मालकाचा हंगामही बुडतो.

म्हणून येत्या पाडव्यास पुढील गोष्टी बोलीतच ठरवाव्या. आठवड्यास एक दिवस सुटी असावी. रात्रीच्या विजेवर पिकास पाणी दिले असल्यास दुसऱ्या सकाळी कामास बोलावू नये. उन्हाळ्यात बारा ते चार रानातील काम बंद ठेवावे व पिण्याचे पाणी जवळ असावे. पोती उचलणे तरुणांकडे द्यावे. बी निवडणे, राखण व जनावरांची देखरेख वृद्धाकडे असावी. काम हलके म्हणून साल कमी करावयाचे असेल, तर तेही त्याच दिवशी उघड बोलावे. मागाहून कापू नये.

शेवटी, ज्या निराधार गड्याची ६५ वर्षे पूर्ण झाली आहेत, त्याचा श्रावणबाळ योजनेचा अर्ज तहसील कचेरीत दाखल करण्यास मालकाने स्वतः साह्य करावे. ज्याने आपली जमीन उभा जन्म कसली, त्याच्यासाठी कचेरीचा एक हेलपाटा काही जड नाही.