कानांना पापण्या नसतात

परवा बऱ्याच दिवसांनी लोकलने दादरला जाऊन आले. चष्म्याचा नंबर काढायचा होता. दुपारची वेळ, त्यामुळे चक्क खिडकी मिळाली! टेकते न टेकते तोच डोक्यावर कोणीतरी बोलू लागलं. बघते तो दाराजवळ टीव्हीचा पडदा. गुडघेदुखीच्या तेलाची जाहिरात, मग दोन मिनिटं बातम्या, मग फ्लॅटची जाहिरात, की पुन्हा तेच तेल. दादर येईपर्यंत तेल चारदा चोळून झालं. गुडघे माझेही दुखतात, पण ते तेल काही मी आणणार नाही!

समोर घडीची पांढरी काठी मांडीवर ठेवून एक मुलगी बसली होती. तिने विचारलं, "आजी, आत्ता कुठलं स्टेशन गेलं?" मी सांगितलं. ती म्हणाली, "एरवी मला विचारावं लागत नाही हो. अनाउन्समेंट ऐकून कळतं. आज त्या टीव्हीत काही ऐकूच येत नाही." तक्रारीचा सूर नव्हता, नुसतं सांगितलं. मला मात्र ते लागलं.

तुम्ही म्हणाल, लोकलमध्ये शांतता होती कधी? खरं आहे. मी 31 वर्षं लोकलने शाळेत गेले. भजनं, भांडणं, मटार सोलताना सुनांच्या गाऱ्हाण्या, क्लिपा-कानातली विकणाऱ्या बायका, सगळ्यांत बसून सहामाहीचे पेपर तपासले. पण भजनवाल्या बायकांना "आज जरा हळू म्हणा गं, पेपर आहेत" असं सांगता यायचं आणि त्या ऐकायच्या. क्लिपावालीला "आज नको" म्हटलं की ती पुढे जायची. ह्या पडद्याला "नको" कसं म्हणायचं? मोबाइलचं तसं नाही. तो ज्याचा त्याचा, आणि बंद करता येतो.

अमेरिकेतल्या भाच्याला फोनवर हे सांगितलं. तो वकील. म्हणाला, "मावशी, हे भांडण जुनं आहे." वॉशिंग्टनमध्ये ट्राम आणि बसमध्ये रेडिओ लावला होता. गाणी, बातम्या, जाहिराती. दोन प्रवासी कोर्टात गेले. 1952 साली तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला तो प्रवाशांच्या विरुद्ध. पण न्या. विल्यम डग्लस यांनी वेगळं मत नोंदवलं. माणसाला त्याच्यापाशी निवांत राहू देणं हा स्वातंत्र्याचाच भाग आहे, असा त्यांचा मुद्दा. आणि गंमत म्हणजे न्या. फ्रँकफर्टर त्या खटल्यात बसलेच नाहीत. कारण काय, तर आपण स्वतः ह्या प्रकाराने इतके त्रासलेले आहोत की निःपक्षपातीपणे निकाल देणं बरं नव्हे! मला हे गृहस्थ फार आवडले.

लोकलचं तिकीट स्वस्त आहे, जाहिरातीतून चार पैसे मिळाले तर बिघडलं कुठे, हेही मला कळतं. जाहिराती पूर्वीपासून डब्यात चिकटवलेल्या असतातच. मला त्यांचा राग नाही. नको असतील तर डोळे मिटता येतात. कानांना पापण्या नसतात. म्हणून माझं मागणं एवढंच. पडदा राहू द्या, त्याचा आवाज बंद करा. पडद्यावर पुढच्या स्टेशनचं नाव मोठ्या अक्षरांत येऊ द्या, ज्यांना ऐकू येत नाही त्यांच्यासाठी. आणि डब्यात आवाज घुमायचा तो फक्त स्टेशनच्या नावाचा आणि गरजेच्या सूचनांचा, ज्यांना दिसत नाही त्यांच्यासाठी.

मी स्वतः जन्मभर अशा श्रोत्यांपुढे बोलले, ज्यांना तास संपेपर्यंत उठून जाता येत नव्हतं. पहिल्याच वर्षी आमच्या मोठ्या बाईंनी बजावलं होतं, समोरचा उठून जाऊ शकत नाही ना, मग आपण जास्त जपून बोलायचं. लोकलच्या गर्दीत तरी दुसरं काय असतं?

असो. त्या मुलीलाही दादरलाच उतरायचं होतं. दोघी एकदमच उतरलो. जिना तिनेच मला चढवला, कारण गुडघे...