एन्नोर: खाडी, राख आणि नकाशा

मिचाँग चक्रीवादळामुळे डिसेंबर २०२३ मध्ये चेन्नई शहर पाण्याखाली गेले. त्याच पुरात मनाली येथील तेलशुद्धीकरण कारखान्याच्या परिसरातील तेल बकिंगहॅम कालव्यावाटे एन्नोरच्या खाडीत उतरले. महिना संपण्यापूर्वीच, २६ डिसेंबरच्या रात्री, पेरियकुप्पमजवळ एका खत कारखान्याच्या समुद्राखालील वाहिनीतून अमोनिया वायू सुटला आणि अनेक ग्रामस्थांना रुग्णालयात न्यावे लागले. अशा घटना याच ठिकाणी वारंवार का घडतात, याचे उत्तर एन्नोरच्या भूगोलात आणि राजकारणात आहे.

चेन्नईच्या उत्तर टोकाला कोसस्थलैयार नदी बंगालच्या उपसागरास मिळते. उत्तरेस पुलिकत सरोवर, दक्षिणेकडून येणारा कालवा आणि मध्ये खारफुटी व मिठागरे असा हा प्रदेश आहे. कोळंबी आणि खेकड्यांवर येथील मच्छीमारांची पिढ्यानपिढ्या उपजीविका चालत आली. पुराचे पाणी समुद्राकडे नेणारी वाटही हीच.

या खाडीकाठी १९७० मध्ये औष्णिक वीज केंद्र सुरू झाले. ४५० मेगावॅटचे ते केंद्र २०१७ मध्ये बंद झाले; परंतु तोपर्यंत उत्तर चेन्नई आणि वल्लूर येथे त्याहून मोठी केंद्रे उभी राहिली होती. त्यांच्या कोळशासाठी प्रामुख्याने बांधलेले एन्नोर बंदर २००१ मध्ये कार्यान्वित झाले. देशातील हे बारावे प्रमुख बंदर; २०१४ मध्ये त्यास कामराजर यांचे नाव देण्यात आले.

कोळसा जळतो, राख मात्र उरते. पाण्यात कालवून वाहिन्यांतून नेली जाणारी ही राख गळतीमुळे वर्षानुवर्षे खाडीत साचत गेली आणि पात्र उथळ झाले. राष्ट्रीय हरित लवादाने २०२२ मध्ये या प्रदूषणासाठी राज्याच्या वीज कंपनीस जबाबदार धरले. त्याच वर्षी जुलैत नागपूरजवळ कोराडी केंद्राच्या राखेच्या तलावाचा बांध फुटला होता. महाराष्ट्राला हा प्रश्न परका नाही.

तथापि, खरा वाद नकाशाचा आहे. केंद्राने १९९६ मध्ये मंजूर केलेल्या किनारा नकाशात खाडी संरक्षित होती. पुढे वापरात आलेल्या नकाशातून तिचा मोठा भाग वगळला गेला, असा मच्छीमार संघटना आणि कार्यकर्त्यांचा आक्षेप आहे. तमिळमध्ये अशा सामाईक जमिनीस 'पोरंबोक' म्हणतात, आपल्याकडील गायरानासारखी. बोलीभाषेत तो शब्द आता शिवी झाला आहे. गायक टी. एम. कृष्णा यांनी २०१७ मध्ये याच शब्दावरील गीत एन्नोरमध्ये चित्रित केले, तेव्हा खाडीचा प्रश्न राज्याबाहेर पोहोचला.

तमिळनाडूत द्रमुक आणि अण्णा द्रमुक आलटून पालटून सत्तेवर असतानाच हे सारे घडत गेले. वीज कंपनी राज्याची आणि तिच्यावर लक्ष ठेवणारे प्रदूषण नियंत्रण मंडळही राज्याचेच, ही अडचण दोघांनीही सोडवली नाही. तेलगळतीनंतर राज्य सरकारने सर्वाधिक बाधित मच्छीमार कुटुंबांना प्रत्येकी १२,५०० रुपये जाहीर केले. एन्नोरमध्ये वीज प्रकल्पांची उभारणी मात्र थांबली नाही. ३० सप्टेंबर २०२५ रोजी अशाच एका प्रकल्पस्थळी बांधकाम कोसळून नऊ मजुरांचा मृत्यू झाला.